मॉन्ट्रियलची पॅरिसकरीण

फिफी दॉर्से हे नाव आज आपल्यापैकी थोड्यांच्याच कानावरून गेले असेल. पण 1930च्या सुमारास अमेरिकेतील प्रेक्षकांना पॅरिसची तरुणी म्हटली की ही नटी आठवे. खट्याळ नजर, ठसका आणि इंग्रजी बोलताना मुद्दाम राखलेला तो फ्रेंच हेल! गंमत अशी, की बाई पॅरिसच्या मुळी नव्हत्याच.

तिचे खरे नाव ईव्हॉन ल्युसिए. जन्म 16 एप्रिल 1904चा, कॅनडाच्या क्वेबेक प्रांतातील मॉन्ट्रियल शहरातला. घरची भाषा फ्रेंच. परंतु त्या काळी शहरातील बँका, पेढ्या आणि बऱ्या पगाराच्या जागा इंग्रजी बोलणाऱ्यांच्या हाती होत्या. शिवाय क्वेबेकची फ्रेंच म्हणजे सतराव्या शतकात आलेल्या वसाहतकऱ्यांची, जुने उच्चार धरून राहिलेली. पॅरिसकर तिला हसत. म्हणजे या मुलीची मायबोली स्वतःच्या गावात दुय्यम आणि भाषेच्या माहेरी गावंढळ. घरची बोली कॉलेजच्या फाटकाबाहेर ठेवून आत येणाऱ्या आपल्या मित्रांना हे समजावून सांगायला नको.

कचेरीतली नोकरी सोडून तिने न्यूयॉर्क गाठले. 'ग्रीनिच व्हिलेज फॉलीज' या नाचगाण्याच्या खेळासाठी चाचणी होती. तिने केळ्यांवरचे एक गाजलेले विनोदी इंग्रजी गाणे चक्क फ्रेंचमध्ये म्हणून दाखवले. कुठली, असे विचारताच आपण पॅरिसच्या, फोली बेर्झेरमध्ये काम केलेल्या, असे ठोकून दिले. पॅरिस तिने पाहिलेही नव्हते! दिग्दर्शकाने तिला घेतले आणि जाहिरातीत ती मादमोआझेल फिफी झाली. मला या प्रसंगात तिच्या धिटाईपेक्षा समोरच्याचे अज्ञान अधिक बोलके वाटते. दोन फ्रेंचमधला फरक त्याला कळलाच नाही. आडनाव तिने एका अत्तरावरून घेतले म्हणतात. तसे असेल तर निवड चोख होती.

पुढे बोलपट आले. परकी उच्चारांनी तेव्हा अनेकांचा घात केला. पहिल्या ऑस्करचा मानकरी एमिल यानिंग्ज 1929 मध्ये जर्मनीला परतला. त्याच वर्षी फिफीचे नशीब मात्र त्याच कारणाने उघडले. फॉक्स कंपनीच्या 'दे हॅड टु सी पॅरिस' या चित्रपटात, विल रॉजर्सच्या पहिल्या बोलपटात, ती पॅरिसची गायिका क्लोदीन झाली. तेलाच्या पैशाने अचानक श्रीमंत झालेले ओक्लाहोमाचे कुटुंब पॅरिस पाहायला जाते, अशी ती कथा. मग 'हॉट फॉर पॅरिस', मग आणखी तसलेच. 1933च्या 'गोइंग हॉलिवूड' मध्ये ती तापट फ्रेंच चित्रतारका आहे आणि मेरियन डेव्हिसची नायिका तिची नक्कल करते. नकलेचीच नक्कल ती!

हॉलिवूडने तिच्याकडून एवढेच मागितले. मॉन्ट्रियलची टायपिस्ट पडद्यावर पाहायची कुणालाच इच्छा नव्हती. 1934 नंतर चित्रपट विरळ झाले. नाइट क्लब, फिरते खेळ, पुढे टेलिव्हिजनवरच्या छोट्या भूमिका, 1964चा 'व्हॉट अ वे टु गो!', 1965चा 'द आर्ट ऑफ लव्ह' यांवर तिने निभावले. पण हेल तोच.

इकडे मॉन्ट्रियल बदलत होते. ऑगस्ट 1968 मध्ये मिशेल त्रांब्लेचे 'ले बेल-सॉर' तिथल्या रिदो व्हेर रंगमंदिरात आले. कामगारवस्तीतल्या पंधरा बायका, दहा लाख बक्षिसी तिकिटे चिकटवण्यासाठी जमलेल्या, आणि तोंडी 'जुआल' ही तिथलीच रांगडी बोली. मोठा वाद झाला, आणि नाटक उभे राहिले. फिफीच्या पिढीला जी लपवावी लागली तीच ही भाषा. तिला तो रंगमंच चाळीस वर्षे आधी मिळता, तर तिने काय केले असते, हा विचार माझ्या मनातून जात नाही.

ती मात्र 1971 मध्ये, वयाच्या 67व्या वर्षी, ब्रॉडवेवर उतरली. स्टीफन सॉन्डहाइमच्या 'फॉलीज' मध्ये पाडायला निघालेल्या थिएटरात जुन्या नर्तिका जमतात. फिफी होती सोलांज लाफित, आणि तिच्या वाट्याला आलेले गाणे होते पॅरिसच्याच कौतुकाचे. एथेल शुट्टा ही दुसरी वृद्ध गायिका ब्रॉडवेचे गाणे म्हणे, एक जोडपे तिसरे म्हणे, आणि शेवटी तिन्ही गाणी एकदम सुरू होत. 522 प्रयोगांनंतर, 1 जुलै 1972 रोजी, खेळ बंद झाला. लॉस एंजेलिसमधील वुडलँड हिल्स येथे 2 डिसेंबर 1983 रोजी फिफी वारली.