रिशार्ड बोलेस्वाव्स्की : अभिनयाचा विस्मृत वाटाड्या

‘मेथड ॲक्टिंग’ म्हटले की ली स्ट्रासबर्ग, स्टेला ॲडलर आणि मार्लन ब्रँडो ही नावे ओठांवर येतात. या परंपरेचे मूळ रशियन नाट्याचार्य स्तानिस्लावस्की यांच्याकडे जाते, हेही मराठी नाट्यरसिकांना ठाऊक असते. परंतु मॉस्कोतील ही विद्या न्यूयॉर्कच्या तरुण नटांपर्यंत पोहोचवली कोणी? त्या पोलिश नट-दिग्दर्शकाचे नाव रिशार्ड बोलेस्वाव्स्की. आज ते क्वचितच कोणी घेते.

त्यांचा जन्म ४ फेब्रुवारी १८८९ रोजी, रशियन साम्राज्यातील एका पोलिश कुटुंबात झाला. मूळ आडनाव स्रेद्नित्स्की. ‘बोलेस्वाव्स्की’ हे रंगभूमीवर धारण केलेले. त्या काळी पोलंड हा देश नकाशावर नव्हता. विशीच्या आतबाहेर असतानाच त्यांना मॉस्को आर्ट थिएटरमध्ये प्रवेश मिळाला. १९०९ मध्ये तुर्गेनेव्हच्या नाटकातील तरुण शिक्षक बेल्यायेव्ह त्यांनी साकारला आणि पुढे गॉर्डन क्रेग व स्तानिस्लावस्की यांच्या गाजलेल्या ‘हॅम्लेट’मध्ये लेअर्टिस.

स्तानिस्लावस्कींच्या नव्या अभिनयपद्धतीकडे संस्थेतील ज्येष्ठ नट साशंकतेने पाहत. म्हणून तरुणांसाठी १९१२ मध्ये ‘फर्स्ट स्टुडिओ’ उभा राहिला. त्याचे पहिले नाटक १९१३ मध्ये चोवीस वर्षांच्या बोलेस्वाव्स्कींनी बसवले. कुजक्या जहाजातून समुद्रावर धाडलेल्या कोळ्यांची ती शोककथा, डच नाटककार हेयरमान्स यांची. छोट्या जागेतील तो प्रयोग यशस्वी ठरला आणि नव्या पद्धतीला बळ मिळाले. नट दिग्दर्शक झाला तो असा.

याच काळात ते मूकपटांतही वावरू लागले. मग महायुद्ध आले; पोलिश भालाईत घोडदळात त्यांनी चाकरी केली. क्रांतीनंतर रशिया सोडून ते पुन्हा स्वतंत्र झालेल्या पोलंडमध्ये परतले आणि वॉर्साच्या वेशीवर झालेल्या १९२० च्या लढाईवर त्यांनी ‘व्हिस्तुलाकाठचा चमत्कार’ हा मूकपट १९२१ मध्ये दिग्दर्शित केला. कार्ल ड्रायर यांच्या एका जर्मन चित्रपटात भूमिका करून १९२२ मध्ये ते अमेरिकेस गेले.

तेथे त्यांच्या गाठीशी होती ती मॉस्कोची विद्या. १९२३ मध्ये त्यांनी न्यूयॉर्कमध्ये ‘अमेरिकन लॅबोरेटरी थिएटर’ स्थापन केले. मॉस्कोतील सहकारी मारिया उस्पेन्स्काया शिकवण्यास सोबत होत्या. स्ट्रासबर्ग, स्टेला ॲडलर आणि हॅरॉल्ड क्लर्मन हे तिथलेच विद्यार्थी. संस्था फार काळ तग धरू शकली नाही. पण १९३१ मध्ये स्ट्रासबर्ग, क्लर्मन आणि शेरिल क्रॉफर्ड यांनी ‘ग्रुप थिएटर’ उभारले तेव्हा तीच शिदोरी कामी आली. पुढे ब्रँडो स्टेला ॲडलर यांच्या हाताखाली घडला.

१९३३ मध्ये बोलेस्वाव्स्कींचे अभिनयाच्या सहा पाठांचे छोटेखानी पुस्तक प्रसिद्ध झाले. स्तानिस्लावस्कींचा अभिनयसाधनेवरील ग्रंथ इंग्रजीत आला तो त्यानंतर, १९३६ मध्ये. गुरू आणि एक नवशिकी मुलगी यांच्या संवादांतून एकाग्रता, भावनेची स्मृती, नाट्यकृती, व्यक्तिरेखा, निरीक्षण आणि लय हे विषय त्यांनी इतके सुगम केले की आजही नाट्यविद्यार्थी ते पुस्तक हाती घेतात.

तोवर ते हॉलिवूडमध्ये स्थिरावले होते. १९३२ च्या ‘रास्पुतिन अँड द एम्प्रेस’मध्ये जॉन, एथेल आणि लायोनेल या तिन्ही बॅरिमोर भावंडांना त्यांनी एकत्र हाताळले. या चित्रपटातील चित्रणाविरुद्ध राजकन्या इरिना युसुपोव्ह यांनी लंडनच्या न्यायालयात दावा जिंकला. चित्रपटातील पात्रे काल्पनिक असल्याची सूचना देण्याची प्रथा रूढ झाली ती या खटल्यामुळे, असे मानले जाते. पुढे ग्रेटा गार्बो, क्लार्क गेबल, मार्लेन डिट्रिच असे नामवंत त्यांच्या दिग्दर्शनाखाली आले. १९३५ चा ‘क्लाइव्ह ऑफ इंडिया’ भारतीय नजरेला साम्राज्याचा उदोउदोच वाटेल; त्याच वर्षीच्या ‘ले मिझराब्ल’मध्ये मात्र फ्रेडरिक मार्च आणि चार्ल्स लॉटन यांची जुगलबंदी रंगली आणि चित्रपटास ऑस्करचे नामांकन लाभले. गंभीर भूमिकांसाठी ओळखल्या जाणाऱ्या आयरीन डनकडून १९३६ मध्ये त्यांनी विनोदी भूमिका करून घेतली. तिलाही नामांकन मिळाले.

जोन क्रॉफर्डचा चित्रपट अर्ध्यावर असताना १७ जानेवारी १९३७ रोजी त्यांचे निधन झाले. वय अवघे सत्तेचाळीस. तो चित्रपट इतरांनी पूर्ण केला.

स्टुडिओच्या धबडग्यात केलेले त्यांचे बहुतेक चित्रपट आता अभ्यासकांपुरते उरले आहेत. टिकली ती न्यूयॉर्कमधील मोजक्या वर्षांची शिकवणी. आपले श्रेय मागण्याइतके आयुष्य त्यांना लाभले नाही, आणि शिष्यांची कीर्ती एवढी वाढली की गुरूचे नाव त्यात बुडून गेले. पडद्यावरचा एखादा नट एक शब्दही न उच्चारता आपल्याला हलवून जातो, तेव्हा त्या क्षणामागे बोलेस्वाव्स्कींचाही थोडा वाटा असतो.