समजून घ्या : शंभर वर्षांपूर्वी संततिनियमनावर उघड बोलणारे र. धों. कर्वे कोण होते? त्यांचा प्रश्न आजही का सुटलेला नाही?

औंढा नागनाथ : ११ जुलै म्हणजे जागतिक लोकसंख्या दिन. त्यानंतरच्या पंधरवड्यात आरोग्य विभाग गावोगाव कुटुंबनियोजनाचा प्रचार करतो. आशाताई घरी येतात आणि ‘माला-एन’, ‘छाया’, तांबी, ‘अंतरा’ इंजेक्शन यांची माहिती देतात. ही माहिती ऐकायला बहुतेक वेळा घरातली सूनच समोर असते. नवरा बाहेर असतो, किंवा हा बायकांचा विषय म्हणून उठून जातो.

याच पंधरवड्यात १५ जुलै ही तारीख येते. १९२७ मध्ये या दिवशी मुंबईत ‘समाजस्वास्थ्य’ नावाचं मराठी मासिक सुरू झालं. ते काढणारे रघुनाथ धोंडो कर्वे यांचं म्हणणं होतं की मूल कधी आणि किती हे ठरवण्याचा हक्क बाईचा आहे, आणि त्याची जबाबदारी मात्र एकट्या बाईची नाही. पाठ्यपुस्तकात आपण त्यांच्या वडिलांविषयी वाचतो. मुलाचं नाव अनेकांना ठाऊक नसतं.

र. धों. कर्वे कोण होते?

महर्षी धोंडो केशव कर्वे यांचे ते थोरले चिरंजीव. जन्म १४ जानेवारी १८८२, कोकणातल्या मुरूडचा. नऊ वर्षांचे असताना, १८९१ मध्ये त्यांची आई राधाबाई बाळंतपणात गेल्या. दोन वर्षांनी वडिलांनी विधवेशी पुनर्विवाह केला. त्यासाठी गावाने कुटुंबाला वाळीत टाकलं. समाजाविरुद्ध जाण्याची किंमत काय असते, हे रघुनाथने अशा लहान वयात घरातच पाहिलं.

१८९९ च्या मॅट्रिक परीक्षेत ते पहिले आले. फर्ग्युसन कॉलेजातून पदवी घेऊन ते गणिताचे प्राध्यापक झाले आणि पुढे गणिताच्या अभ्यासासाठी पॅरिसलाही गेले. युरोपात लैंगिक विषयावर शास्त्रीय लेखन होत होतं, ते त्यांनी वाचलं. गुप्तरोग, नको असलेली बाळंतपणं आणि अज्ञान हे आरोग्याचे प्रश्न आहेत, पापपुण्याचे नाहीत, या मतावर ते ठाम झाले.

त्यांनी नेमकं काय केलं?

१९२१ मध्ये त्यांनी मुंबईत संततिनियमनाचं केंद्र सुरू केलं. देशातलं हे पहिलं केंद्र मानलं जातं. त्याच वर्षी लंडनमध्ये मेरी स्टोप्स यांनी असंच केंद्र उघडलं होतं. म्हणजे या बाबतीत मुंबई लंडनच्या मागे नव्हती. १९२३ मध्ये त्यांची ‘संततिनियमन’ आणि ‘गुप्तरोगांपासून बचाव’ ही पुस्तकं आली.

तेव्हा ते विल्सन कॉलेजात शिकवत होते. प्राध्यापकाने असा प्रचार करणं मिशनरी व्यवस्थापनाला मान्य नव्हतं. कर्व्यांनी प्रचार सोडला नाही, नोकरी सोडली. ते साल होतं १९२५. पत्नी मालतीबाईंची त्यांना शेवटपर्यंत साथ होती. दोघांनी मूल न होऊ देण्याचं ठरवलं, आणि शस्त्रक्रिया करून घेतली ती रघुनाथरावांनी.

त्यानंतर ‘समाजस्वास्थ्य’ निघालं आणि २६ वर्षं चाललं. संपादक, लेखक, हिशेबनीस सगळं काही बहुतांशी तेच होते. मासिक कायम तोट्यात असायचं. वाचक आपल्या खासगी अडचणी पत्राने कळवत आणि कर्वे त्यांना सरळ भाषेत उत्तरं देत. लैंगिक सुखावर पुरुषाइतकाच स्त्रीचाही हक्क आहे, हे त्यांनी वारंवार मांडलं. मुखपृष्ठावरच्या नग्न चित्रांमुळे अनेक जण अंक लपवून वाचत.

कोर्टात काय झालं?

व्यभिचारावरच्या लेखामुळे १९३१ मध्ये त्यांच्यावर अश्लीलतेचा खटला झाला आणि १०० रुपये दंड झाला. १९३४ मध्ये पुन्हा खटला उभा राहिला. या वेळी आक्षेप होता वाचकांच्या प्रश्नांना दिलेल्या उत्तरांवर. त्यात हस्तमैथुन आणि समलैंगिकता हे विषय होते.

कर्व्यांच्या बाजूने वकील म्हणून उभे राहिले डॉ. बाबासाहेब आंबेडकर. मासिकाचा विषयच लैंगिक शिक्षण असेल तर त्याबद्दलच्या प्रश्नांना उत्तर देणं हा गुन्हा कसा, असा त्यांच्या युक्तिवादाचा रोख होता. समलैंगिकतेकडेही शास्त्राच्या नजरेने पाहावं, ही बाजू त्यांनी मांडली. खटला ते हरले आणि कर्व्यांना २०० रुपये दंड झाला. प्रौढांमधले समलैंगिक संबंध गुन्हा नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं ६ सप्टेंबर २०१८ रोजी, म्हणजे ८४ वर्षांनी.

यात जपानचा संबंध काय?

कर्वे घराण्याच्या कामात जपान आधीच आला होता. टोकियोच्या महिला विद्यापीठाची माहितीपुस्तिका महर्षी कर्व्यांच्या वाचनात आली. त्यातून प्रेरणा घेऊन त्यांनी १९१६ मध्ये पुण्यात महिला विद्यापीठ काढलं. तेच आजचं एसएनडीटी. त्या काळात जपानी स्त्रीशिक्षणाचं सरकारी धोरण चांगली पत्नी आणि शहाणी आई घडवण्याचं होतं. महर्षींच्या अभ्यासक्रमातही गृहजीवनाला मोठं स्थान होतं. मुलगा याच्या पुढे गेला. बाई पत्नी किंवा आई असण्याआधी माणूस आहे आणि तिचं शरीर तिचं आहे, ही त्याची भूमिका होती.

जपानमध्येही ही भूमिका घेणाऱ्यांना त्रास झाला. १९२२ मध्ये अमेरिकेच्या मार्गारेट सँगर तिथे गेल्या, तेव्हा संततिनियमनावर जाहीर भाषण न करण्याच्या अटीवरच सरकारने त्यांना प्रवेश दिला. त्यांचं म्हणणं जपानी भाषेत आणणारे जीवशास्त्रज्ञ यामामोतो सेन्जी यांची पुढे विद्यापीठातली नोकरी गेली. ते खासदार झाले आणि १९२९ मध्ये एका उजव्या विचाराच्या माणसाने त्यांचा खून केला. त्याला कारण त्यांचं राजकारण ठरलं. सँगर यांच्या सहकारी शिद्झुए इशिमोतो यांना या कामासाठी तुरुंगात जावं लागलं. १९४६ मध्ये त्या जपानी संसदेवर निवडून आल्या.

तरीही जपानमध्ये गर्भनिरोधक गोळीला मंजुरी मिळाली ती थेट १९९९ मध्ये. त्याच वर्षी पुरुषांसाठीच्या ‘व्हायग्रा’ला मात्र अवघ्या काही महिन्यांत परवानगी मिळाली होती. कोणाच्या गरजेची घाई आणि कोणाची गरज थांबू शकते, हे त्यावरून दिसतं.

कर्व्यांचं सगळंच बरोबर होतं का?

नाही. चांगली प्रजा कोणाची आणि कोणाला मूल होऊ नये, असा सुप्रजननाचा विचार तेव्हा जगभर पसरला होता. कर्व्यांच्या लेखनावरही त्याची छाया आहे. पुढे याच विचाराने अनेक देशांत सक्तीच्या शस्त्रक्रिया झाल्या. जपानमध्ये १९४८ च्या कायद्याने हजारो लोकांवर त्या लादल्या गेल्या. कर्वे वाचताना हे नजरेआड करून चालत नाही.

आज हा विषय का महत्त्वाचा?

भारताने १९५२ मध्ये कुटुंबनियोजन हा सरकारी कार्यक्रम केला. राष्ट्रीय पातळीवर असा कार्यक्रम घेणारा आपला देश पहिला. मालतीबाई १९४४ मध्येच गेल्या होत्या. कर्वे १४ ऑक्टोबर १९५३ रोजी वारले आणि पाठोपाठ मासिक बंद पडलं. शकुंतला परांजपे यांनी हे काम पुढे नेलं. २००१ मध्ये अमोल पालेकरांनी ‘ध्यासपर्व’ हा चित्रपट काढला, तेव्हा अनेकांना कर्व्यांची नव्याने ओळख झाली.

२०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीनुसार देशातल्या १५ ते ४९ वयाच्या विवाहित महिलांपैकी ३७.९ टक्के महिलांनी नसबंदी करून घेतली आहे. पुरुष नसबंदीचं प्रमाण आहे ०.३ टक्के. खरं तर पुरुषाची बिनटाक्याची शस्त्रक्रिया काही मिनिटांची असते आणि माणूस त्याच दिवशी घरी जातो. बाईची शस्त्रक्रिया पोटाची असते, त्यात धोकाही जास्त. तरी घरातल्या चर्चेत नाव तिचंच पुढे येतं. पुरुषाने केली तर तो अशक्त होईल, शेतातलं काम होणार नाही, अशी कारणं सांगितली जातात. त्यांना वैद्यकीय आधार नाही.

गणिताच्या या प्राध्यापकाने शंभर वर्षांपूर्वी ही शस्त्रक्रिया आधी स्वतःची केली आणि मग लोकांना सांगितलं. या पंधरवड्यात आशाताई दारात आल्या, तर घरातल्या पुरुषाने उठून जाऊ नये. बसून ऐकावं आणि प्रश्न विचारावेत.