शेवट न ठरलेलं विश्व

'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'चे तिन्ही सिनेमे (२००१ ते २००३) न पाहिलेला माणूस होस्टेलवर शोधावाच लागेल. तिसऱ्याला तर ११ ऑस्कर मिळाले. पण हे सगळं ज्यांच्या डोक्यातून निघालं, त्या जे. आर. आर. टॉल्किन यांच्याबद्दल आपल्याला फारसं ठाऊक नसतं. मला त्यांच्याविषयी कुतूहल वाटलं ते एका वेगळ्याच गोष्टीमुळे. या माणसाने अख्खं विश्व रचलं, त्याचे नकाशे काढले, भाषा घडवल्या, राजांच्या वंशावळी लिहिल्या. पण त्या विश्वाचा शेवट काय, हे मात्र त्यांचं शेवटपर्यंत पक्कं झालं नाही!

टॉल्किन यांचा जन्म ३ जानेवारी १८९२ चा, दक्षिण आफ्रिकेतल्या ब्लूमफाँटेनचा. वडील बँकेत होते. आई मुलांना घेऊन इंग्लंडला आली असताना १८९६ मध्ये वडील तिकडेच वारले. आई १९०४ मध्ये मधुमेहाने गेली. तेव्हा इन्शुलिनचा शोधही लागलेला नव्हता. बाराव्या वर्षी पोरका झालेला हा मुलगा एका पाद्र्याच्या देखरेखीखाली बर्मिंगहॅममध्ये वाढला. जुन्या भाषांचं वेड होतंच, त्यात स्वतःच्या भाषा बनवायचा नाद लागला. ऑक्सफर्डला १९१५ मध्ये पहिल्या वर्गात पदवी मिळाली, १९१६ मध्ये एडिथशी लग्न झालं, आणि काही आठवड्यांतच ते महायुद्धावर गेले.

सोमच्या लढाईत ते सिग्नल ऑफिसर होते. शाळेपासूनच्या चार जिवलग मित्रांचा त्यांचा कंपू होता, त्यातले दोघे त्याच वर्षी मारले गेले. टॉल्किन खंदकातल्या तापाने आजारी पडून मायदेशी परतले. त्या आजारपणाच्या काळातच त्यांनी आपल्या विश्वाच्या पहिल्या कथा लिहायला घेतल्या. पुढे लीड्स आणि मग ऑक्सफर्डला प्राध्यापकी, १९३७ मध्ये 'द हॉबिट', १९५४-५५ मध्ये 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'. पण त्यांचं खरं काम म्हणजे 'सिल्मरिलियन'. ते पन्नासहून जास्त वर्षं चाललं आणि पूर्ण झालंच नाही.

या 'सिल्मरिलियन'च्या १९३७ च्या आसपासच्या मसुद्याच्या शेवटी एक भविष्यवाणी आहे. विश्वाबाहेरच्या पोकळीत हाकललेला दुष्ट मॉरगॉथ एक दिवस परत येईल, सूर्य-चंद्राचा नाश करील. मग शेवटचं युद्ध होईल आणि तूरिन नावाचा माणूस आपल्या काळ्या तलवारीने त्याला ठार मारील. हा तूरिन म्हणजे शापित जीव. नकळत मित्राला मारलेला, नकळत बहिणीशी लग्न केलेला, शेवटी आत्महत्या केलेला. त्यानंतर हरवलेली तीन तेजस्वी रत्नं सापडतील. फेआनोरने ती द्यायला पूर्वी नकार दिला होता आणि सगळं महाभारत त्यानंतर घडलं होतं. तोच आता ती आपणहून देईल. त्या तेजाने मेलेले दोन प्रकाशवृक्ष पुन्हा उजळतील, डोंगर सपाट होतील आणि प्रकाश सगळ्या जगभर पोचेल. थोडक्यात, ज्याचं जे बिघडलं ते दुरुस्त होणार!

टॉल्किन जुन्या नॉर्स कथा शिकवायचे, त्यामुळे रॅग्नारॉकची छाया इथे स्पष्ट दिसते. ते श्रद्धाळू कॅथलिक होते, त्यामुळे अशी आशाही त्यांना परकी नव्हती.

पण १९५० च्या दशकाच्या अखेरीला त्यांनी वेगळंच लिहिलं. जगाला पडलेला डाग कधी पुसला जाईल का, हे कुणालाही सांगितलेलं नाही आणि भविष्यवाण्यांतही त्याचा उल्लेख नाही, असा त्याचा आशय. म्हणजे आधीची भविष्यवाणी गेलीच की! त्याच सुमारास सूर्य-चंद्र त्या झाडांपासून झाले, ही कल्पनाही त्यांना खगोलशास्त्राच्या दृष्टीने खटकू लागली. सूर्य आधीपासूनच होता, पृथ्वी गोलच होती, अशी नवी मांडणी त्यांनी सुरू केली. पाया बदलला की वरच्या मजल्यांचं काय होतं, ते आपल्या सिव्हिलवाल्यांना विचारा. काम अर्धवटच राहिलं. गंमत म्हणजे १९६८ नंतरच्या एका टिपणात तूरिन पुन्हा शेवटच्या युद्धात येतो. फक्त या वेळी तो मारतो ड्रॅगनला, आणि हे भाकीत असतं एका शहाण्या बाईचं.

१९७१ मध्ये एडिथ गेल्या आणि २ सप्टेंबर १९७३ ला टॉल्किन. कागदांचा ढीग मुलाच्या, ख्रिस्तोफर यांच्या हाती आला. १९७७ मध्ये त्यांनी 'सिल्मरिलियन' छापलं तेव्हा भविष्यवाणी गाळली आणि शेवटी ते अनिश्चिततेचं वाक्य ठेवलं. पण नंतर, १९८३ ते १९९६ या काळात, वडिलांचे मसुदे बारा खंडांत छापताना तीच भविष्यवाणी लोकांसमोर आणली. तेव्हापासून वाचकांत दोन तट पडलेत. एक म्हणतो, हाच खरा शेवट. दुसरा म्हणतो, लेखकानेच तो मागे घेतला.

मला विचाराल तर मी ख्रिस्तोफर यांच्या बाजूचा. तूरिनसाठी जीव तुटतो, हे खरंय. त्याला न्याय मिळावा असं कुणालाही वाटेल. चोविसाव्या वर्षी दोन मित्र गमावलेल्या माणसाला तर ते फारच वाटलं असणार. पण शेवटी सगळं ठीक होणार असं आधीच लिहून ठेवलं, तर फ्रोडो आणि सॅमच्या चालण्याला किंमत काय उरते? ती दोघं काही माहीत नसताना चालत राहिली, म्हणूनच ती आपल्याला आपली वाटतात. टॉल्किन यांना उत्तर सुचलं नाही, असं नाहीच. सुंदर उत्तर लिहून झालेलं होतं. तरी ते त्याच्यावर समाधान मानून थांबले नाहीत, हे मला जास्त मोठं वाटतं.