इन्सुलिनचे संशोधक : फ्रेडरिक बँटिंग

मधुमेह हा रोग मानवाला प्राचीन काळापासून ठाऊक आहे. चरक आणि सुश्रुत यांच्या ग्रंथांत त्याचे वर्णन आढळते. या रोगात लघवीला मधासारखी गोडी येते, हे आपल्या वैद्यांनी ओळखले होते. त्यावरूनच रोगाला हे नाव मिळाले. परंतु विसाव्या शतकाच्या आरंभापर्यंत त्यावर खात्रीचा इलाज कोणालाच सापडला नव्हता. लहान वयात हा रोग जडला, की मूल दिवसेंदिवस खंगत जाई. त्याला अगदी मोजके अन्न देऊन जवळजवळ उपाशी ठेवावे, एवढाच उपाय डॉक्टरांच्या हाती असे. त्यामुळे मरण काही काळ लांबे; पण टळत नसे. ही असहाय स्थिती पालटण्यास ज्यांचा ध्यास कारण झाला, ते डॉक्टर म्हणजे फ्रेडरिक बँटिंग.

फ्रेडरिकचा जन्म १४ नोव्हेंबर १८९१ रोजी कॅनडा देशातील ॲलिस्टन या गावाजवळ एका शेतकऱ्याच्या घरी झाला. पाच भावंडांत तो सर्वांत धाकटा. टोरांटोच्या विद्यापीठात पहिल्याच वर्षी त्याला अपयश आले. पण त्याने धीर सोडला नाही. १९१२ मध्ये त्याने वैद्यकाचा अभ्यास सुरू केला आणि १९१६ मध्ये तो डॉक्टर झाला. त्या वेळी पहिले महायुद्ध चालू होते. बँटिंग सैन्यात दाखल झाले. १९१८ मध्ये फ्रान्समधील कांब्रेच्या लढाईत त्यांचा उजवा हात जखमी झाला. तशाही स्थितीत ते कित्येक तास इतर जखमींची शुश्रूषा करीत राहिले. या शौर्याबद्दल त्यांना 'मिलिटरी क्रॉस' हे पदक मिळाले.

युद्धानंतर १९२० मध्ये त्यांनी कॅनडातीलच लंडन नावाच्या शहरात दवाखाना थाटला. तेथे रुग्ण फारसे येत नसत. म्हणून ते विद्यापीठात थोडे अध्यापनही करू लागले. ऑक्टोबरच्या अखेरीस एका व्याख्यानाची तयारी करताना स्वादुपिंडाविषयीचा एक लेख त्यांच्या वाचनात आला आणि त्यांच्या मनाने एका प्रश्नाचा ठाव घेतला.

आपल्या जठरामागे स्वादुपिंड नावाची एक ग्रंथी असते. ती पाचक रस तयार करते. शिवाय तिच्यात पेशींचे लहान लहान पुंजके असतात. हे पुंजके रक्तात एक द्रव्य सोडतात आणि त्यामुळे शरीराला साखरेचा उपयोग करता येतो, असा शास्त्रज्ञांचा तर्क होता. ते द्रव्य वेगळे काढण्याचे अनेक प्रयत्न फसले होते. ग्रंथीतील पाचक रसच त्या द्रव्याचा नाश करीत असावा, असे बँटिंग यांना वाटले. ग्रंथीची नळी बांधून टाकली, तर पाचक रस करणाऱ्या पेशी सुकून जातील, पुंजके तेवढे शिल्लक राहतील आणि त्यांतून ते द्रव्य मिळेल, अशी कल्पना त्यांना सुचली.

ही कल्पना घेऊन ते टोरांटो येथे प्राध्यापक मॅक्लाउड यांना भेटले. प्राध्यापक प्रथम साशंक होते. तरी त्यांनी प्रयोगशाळेत जागा, प्रयोगासाठी कुत्रे आणि चार्ल्स बेस्ट नावाचा बावीस वर्षांचा एक विद्यार्थी मदतीला दिला. १९२१ च्या मे महिन्यात प्रयोगांना आरंभ झाला. त्या उन्हाळ्यात बँटिंग यांना वेतन नव्हते. कित्येक कुत्रे दगावले. तरीही दोघांनी काम सोडले नाही. जुलैच्या अखेरीस त्यांनी तयार केलेला अर्क एका मधुमेही कुत्र्याला टोचला, तेव्हा त्याच्या रक्तातील साखर उतरली. पुढे असे दिसून आले, की नळी बांधण्याची मुळीच गरज नव्हती. जनावरांच्या ताज्या स्वादुपिंडातूनही हा अर्क काढता येत होता. कल्पनेचा एक भाग चुकीचा ठरला, पण तिच्या मागे लागल्यानेच वाट सापडली.

टोरांटोच्या रुग्णालयात लेनर्ड थॉम्सन नावाचा चौदा वर्षांचा मुलगा मरणपंथास लागला होता. त्याच्या अंगात केवळ हाडे उरली होती. ११ जानेवारी १९२२ रोजी त्याला हा अर्क टोचण्यात आला. परंतु अर्क पुरेसा शुद्ध नव्हता. साखर थोडीशीच उतरली आणि सुई टोचलेल्या जागी गळू झाले. उपचार थांबवावे लागले. तेव्हा जेम्स कॉलिप या रसायनशास्त्रज्ञांनी रात्रंदिवस खपून अर्क अधिक शुद्ध केला. २३ जानेवारीला तो लेनर्डला टोचला. या वेळी रक्तातील साखर झपाट्याने उतरली, मुलाच्या अंगात त्राण आले आणि तो पुढे तेरा वर्षे जगला. याच औषधाला इन्सुलिन हे नाव मिळाले.

१९२३ मध्ये बँटिंग आणि मॅक्लाउड यांना नोबेल पारितोषिक जाहीर झाले. बेस्टला वगळल्याचे बँटिंग यांना फार वाईट वाटले. त्यांनी आपल्या रकमेचा अर्धा वाटा त्याला दिला. मॅक्लाउड यांनीही आपली अर्धी रक्कम कॉलिप यांना दिली. या शोधातून अपार संपत्ती मिळविणे शक्य होते. परंतु त्याचे हक्क केवळ एकेका डॉलरला टोरांटो विद्यापीठाच्या स्वाधीन करण्यात आले.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात इंग्लंडला जात असता न्यूफाउंडलंड बेटावर त्यांचे विमान कोसळले आणि २१ फेब्रुवारी १९४१ रोजी त्यांचा अंत झाला. त्यांचे वय तेव्हा अवघे ४९ वर्षांचे होते.

इन्सुलिनने मधुमेह समूळ बरा होत नाही. तो काबूत राहतो. मात्रा कमी पडली तर साखर वाढते आणि अधिक झाली तर ती धोकादायक रीतीने घटते. म्हणून आज रुग्णालयात अत्यवस्थ रुग्णाच्या शिरेतून इन्सुलिन हळूहळू सोडतात आणि तासातासाला रक्तातील साखर मोजून त्याचे प्रमाण कमीअधिक करतात. काही रुग्ण तर कमरेला लहानसा पंप बाळगतात. तो त्वचेखाली दिवसभर थोडे थोडे इन्सुलिन पोहोचवितो. अशा रीतीने लक्षावधी मुले आज शाळेत जातात, खेळतात आणि मोठी होतात.

बँटिंग यांचा जन्मदिवस, १४ नोव्हेंबर, १९९१ पासून जगभर मधुमेह दिन म्हणून पाळला जातो. आपल्या देशात तोच दिवस बालदिन असतो. मुलांना जगण्याची संधी मिळवून देणाऱ्या या डॉक्टरांचे त्या दिवशी स्मरण करणे उचितच होय.