इरावती कर्वे : खांडववनापासून कोयनेच्या खोऱ्यापर्यंत

मराठी वाङ्मयाच्या अभ्यासकाला इरावती कर्वे परिचित असतात त्या ‘युगान्त’च्या आणि ‘परिपूर्ती’, ‘भोवरा’, ‘गंगाजल’ या संग्रहांतील ललित निबंधांच्या लेखिका म्हणून. समाजशास्त्राचा अभ्यासक त्यांना आप्तसंबंधांच्या मीमांसक म्हणून ओळखतो. या दोन ओळखींच्या मध्ये बाईंचे एक पुस्तक हरवले आहे. कोयना धरणामुळे उठवल्या गेलेल्या लोकांची पाहणी हा त्यांनी आपली कन्या जाई निंबकर यांच्यासह सिद्ध केलेला इंग्रजी ग्रंथ डेक्कन कॉलेजने १९६९ मध्ये प्रसिद्ध केला. विस्थापितांविषयीच्या मराठी लेखनाची चर्चा विश्वास पाटील यांच्या ‘झाडाझडती’पासून (१९९१) सुरू करण्याचा आपल्याकडे प्रघात आहे. त्या चर्चेत या ग्रंथाचे नाव सहसा येत नाही. तो ध्यानात ठेवून बाईंचे चरित्र पाहू लागले की त्याची मांडणी थोडी बदलते, आणि ‘युगान्त’चे एक प्रकरण तर निराळेच वाचावे लागते.

इरावतीबाईंचा जन्म १५ डिसेंबर १९०५ रोजी ब्रह्मदेशातील मिंज्यान येथे झाला. वडील गणेश हरी करमरकर तेथे एका कापूस कंपनीत अभियंता होते. त्या देशाच्या महानदीचे नाव त्यांनी मुलीला दिले. सातव्या वर्षी ती पुण्यास हुजूरपागेत शिकावयास आली आणि रँग्लर र. पु. परांजपे यांच्या कुटुंबात वाढली. हे स्थलांतर सुखवस्तू घरातले होते. त्याला विस्थापन म्हणणे ही अतिशयोक्ती ठरेल, आणि बाईंच्या स्पष्टवक्त्या स्वभावाला ती मानवलीही नसती. तथापि जन्मगाव एका देशात, घर दुसऱ्या कुटुंबात आणि ओळख तिसऱ्याच परंपरेची हा अनुभव त्यांच्या वाट्याला फार लवकर आला. पुढे १९४२ मध्ये जपानी आक्रमणामुळे ब्रह्मदेशातील लक्षावधी भारतीय अरण्ये आणि डोंगर तुडवीत आसामच्या दिशेने निघाले. ज्या भूमीच्या नदीचे नाव त्या वागवीत होत्या, ती भूमी तिथल्या भारतीयांना अशी परकी झाली तेव्हा बाई पुण्यात डेक्कन कॉलेजात होत्या.

फर्ग्युसन महाविद्यालयातून १९२६ मध्ये तत्त्वज्ञानाची पदवी, मुंबईत गो. स. घुर्ये यांच्या मार्गदर्शनाखाली चित्पावन ब्राह्मणांवरील प्रबंध, महर्षी कर्वे यांचे चिरंजीव दिनकर यांच्याशी विवाह आणि १९२८ मध्ये बर्लिन, असा हा क्रम आहे. बर्लिनमध्ये ऑयगेन फिशर या मानववंशशास्त्रज्ञाच्या हाताखाली त्यांनी कवटीच्या दोन बाजूंमधील असमानतेवर संशोधन केले. ही असमानता वंशानुसार बदलते, असे मानण्याकडे त्या संस्थेचा कल होता. बाईंच्या मोजमापांतून तसे काही निघाले नाही, आणि निघाले नाही असेच त्यांनी प्रबंधात नोंदवले. परदेशात, परक्या भाषेत, परीक्षक असलेल्या गुरूच्या मताविरुद्ध पंचविशीच्या आतल्या विद्यार्थिनीने असे लिहिणे सोपे नव्हते. १९३० मध्ये पदवी घेऊन त्या परतल्या. पुढच्या तीनच वर्षांत त्या देशात वंशशुद्धीचे शास्त्र राज्यकर्त्यांच्या हाती गेले आणि लोक देशोधडीला लागू लागले. विश्राम बेडेकरांच्या ‘रणांगण’ (१९३९) मधील हॅर्टा ही त्यांच्यापैकीच एक. निर्वासितांचे मराठी कादंबरीतील पहिले ठसठशीत दर्शन त्या बोटीवर घडते. मात्र ज्या प्रयोगशाळांच्या ‘शास्त्रा’ने तिला जर्मनीतून उठवले, त्यांपैकी एकीत एक मराठी विद्यार्थिनी आधीच जाऊन आली होती, हे आपण वाङ्मयेतिहासात कधी शेजारी ठेवून पाहिलेले नाही.

काही वर्षे महिला विद्यापीठाच्या कुलसचिवपदाचे काम केल्यावर १९३९ मध्ये त्या डेक्कन कॉलेजात आल्या आणि अखेरपर्यंत तिथल्याच झाल्या. शहरात त्या स्कूटरवरून फिरत, याच्या आठवणी पुण्यात अजून सांगितल्या जातात. त्या फिरतीचे खरे क्षेत्र मात्र खानदेशातल्या भिल्लांच्या वस्त्यांपासून गुजरातेतील लांघणजच्या उत्खननापर्यंत पसरलेले होते. मोजपट्टी त्यांनी पुढेही सोडली नाही. परंतु माणूस कोण आहे याचे उत्तर कवटीत नाही, ते नात्यांत आहे, या दिशेने त्यांचा विचार वळत गेला. ‘किनशिप ऑर्गनायझेशन इन इंडिया’ (१९५३) या ग्रंथात त्यांनी भारताचे भाषा व आप्तव्यवस्था यांनुसार विभाग पाडले. उत्तरेत लेक दूर, अनोळखी गावी दिली जाते. दक्षिणेत ती मामाच्या, आत्याच्या, म्हणजे ओळखीच्याच घरी जाते. महाराष्ट्र या दोहोंच्या सीमेवर उभा आहे. हा भेद आता पाठ्यपुस्तकी झाला आहे. त्यातून निघणारी एक गोष्ट मात्र पाठ्यपुस्तकांत येत नाही. जिथे सोयरीक पंचक्रोशीत होते, तिथे गाव हे घरांच्या समूहाहून मोठे असते. सुईणीला बोलावणे, पेरणीला बैल आणणे, मयताला खांदा देणे हे सारे त्या जाळ्यावर चालते. ते जाळे तुटले तर नुकसानभरपाईच्या तक्त्यात ते कुठल्या रकान्यात भरायचे?

याच सुमारास त्यांनी पंढरीची वाट चालून ‘वाटचाल’ हा निबंध लिहिला. एकाच दिंडीत चालणारे लोक जेवावयास मात्र जातवार पंगतीत बसतात, हे त्यांना तिथे सलले. वारीत माणसे घर सोडतात खरी, पण परतण्यासाठी. कोयनेच्या खोऱ्यातील माणसांना हा दुसरा भाग उपलब्ध नव्हता.

सातारा जिल्ह्यातील पाटण तालुक्यात कोयनेवर धरण बांधून पाणी पश्चिमेकडे वळवावे आणि सह्याद्रीच्या उतारावर वीज निर्माण करावी, ही योजना १९५०च्या दशकात हाती घेतली गेली. साठीच्या आरंभी जलाशय भरू लागला. त्याला शिवसागर हे नाव मिळाले. पाटण, जावळी आणि महाबळेश्वर तालुक्यांतील सुमारे शंभर गावांना त्याची झळ पोहोचली. महाराष्ट्राच्या औद्योगिक प्रगतीची गाथा लिहिणाऱ्यांनी या विजेचे मोल यथायोग्य सांगितले आहे, आणि ते नाकारण्याचे कारण नाही. १९२१ ते १९२४ या काळात मुळशीच्या मावळ्यांनी सेनापती बापट यांच्या नेतृत्वाखाली धरणाविरुद्ध सत्याग्रह केला, तेव्हा प्रतिपक्ष टाटा कंपनी आणि परकीय सरकार असा होता. कोयनेत सरकार आपले होते. म्हणूनच बहुधा, उठणाऱ्यांच्या बाजूने बोलायला शब्द चटकन सापडत नव्हते.

बाईंनी शब्दांऐवजी प्रश्नावली घेतली. ग्रामसमूहांच्या अभ्यासाचा अनुभव त्यांच्या गाठी होता, य. भा. दामले यांच्यासह केलेली पाहणी १९६३ मध्ये आणि फलटणवरील अभ्यास १९६५ मध्ये प्रसिद्ध झाला होता. तीच पद्धत आता मोडलेल्या गावांना लागू करायची होती. ग्रंथाची भाषा कोरडी आहे. ‘गंगाजल’ची लेखिका येथे शोधू गेल्यास निराशा होईल, आणि ते ठीकच आहे. जे दिसते ते असे : मोबदला देण्याची यंत्रणा होती, पुनर्वसनाचा समग्र विचार नव्हता. लोकांना समूहाने, आपल्या भावकीसह राहायचे होते. पुष्कळांनी दूरच्या तालुक्यातील जमिनीपेक्षा आपल्याच खोऱ्यात, पाण्याच्या रेषेवरच्या हलक्या, डोंगरउताराच्या जमिनीवर पुन्हा घरे बांधणे पत्करले. एखादा अधिकारी यास अडाणी हट्ट म्हणाला असता. आप्तसंबंधांचा नकाशा ज्यांनी आयुष्यभर काढला त्यांना त्यातला हिशेब कळत होता : जमीन हलकी असली तरी हाकेच्या अंतरावर माणसे आपली आहेत.

या पाहणीच्या आगेमागेच ‘युगान्त’ आकार घेत होते. ते १९६७ मध्ये प्रसिद्ध झाले. त्याच वर्षी ११ डिसेंबरच्या पहाटे कोयनानगरच्या भूकंपात दीडशेहून अधिक माणसे दगावली. ‘युगान्त’ला पुढील वर्षी साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. पदव्युत्तर वर्गात आपण या ग्रंथातील द्रौपदी शिकवतो, कुंती, गांधारी, कर्ण शिकवतो. ‘मयसभा’ हे प्रकरण घाईने उरकतो. खांडववन जाळले गेले त्याची ही मीमांसा आहे. कृष्ण आणि अर्जुन यांनी वनाला आग लावून पळू पाहणाऱ्या प्राण्यांनाही परत आगीत लोटले. तक्षकाच्या आप्तांपैकी एक पुत्र वाचला. मय वाचला आणि त्याने सभा उभारली. बाई या संहाराला पराक्रम मानत नाहीत. नव्या राजधानीच्या अंगाला लागून शेतीयोग्य भूमी हवी होती आणि तिथे आधीच राहणारे कोणी तरी होते, असा व्यवहार त्या अग्नीच्या कथेमागून काढून दाखवतात. मयसभेच्या स्फटिकभूमीखाली राख आहे, हे त्यांच्याआधी मराठीत इतक्या थंडपणे कोणी मांडले नव्हते.

खांडववनाविषयी लिहिताना त्यांच्या मनात कोयना होती, असा पुरावा मजपाशी नाही, आणि तसा दावा करणे संशोधनाच्या शिस्तीस सोडून होईल. कोयना हा संहार नव्हता, हेही उघड आहे. परंतु एकाच दशकात, एकाच मेजावर हे दोन्ही लेखन चालले होते. इंद्रप्रस्थ उभे राहते तेव्हा तिथून कोण उठते, हा प्रश्न एका ग्रंथात कथेच्या आणि दुसऱ्यात कोष्टकाच्या रूपाने आला आहे. ‘युगान्त’वरील प्रबंधांची संख्या पाहता त्यातील एखाद्याने तरी कोयनेची कोष्टके उघडून पाहावयास हवी होती. इंग्रजीतला अहवाल मराठी विभागाच्या कक्षेत येत नाही, ही सबब पुरेशी नाही. १९६१च्या पानशेत पुरानंतरच्या पुनर्वसनावर सुलभा ब्रह्मे आणि प्रकाश गोळे यांनी लिहिलेला इंग्रजी ग्रंथही असाच आपल्या दारातला, आणि तोही आपण अर्थशास्त्राच्या कपाटात ठेवून दिला.

‘युगान्त’ची इंग्रजी आवृत्ती आणि कोयनेची पाहणी ही दोन्ही पुस्तके १९६९ मधली. त्यानंतर बाईंना फारसा अवधी मिळाला नाही. ११ ऑगस्ट १९७० रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. ‘गंगाजल’ मरणोत्तर निघाले. प्रकल्पग्रस्तांच्या पुनर्वसनाचा कायदा राज्याने १९७६ मध्ये केला, कोयनेची गावे बुडाल्यानंतर बारा-पंधरा वर्षांनी. पाण्याच्या रेषेवर ज्यांनी पुन्हा घरे बांधली होती, त्यांच्या सभोवतालचे रान १९८५ मध्ये कोयना अभयारण्य म्हणून आणि २०१० मध्ये सह्याद्री व्याघ्र प्रकल्पात समाविष्ट झाले, आणि तिथल्या काही गावांच्या पुनर्वसनाचा प्रश्न दुसऱ्यांदा उभा राहिला.