हेला हे एका बाईचं नाव आहे

तुमची मुलगी किंवा भाची बारावीनंतर जीवशास्त्राकडे गेली असेल तर तिला एकदा विचारून बघा, हेला म्हणजे काय? ती पटकन सांगेल, ती एक सेल लाइन आहे, प्रयोगशाळेत वापरतात, अमर असते. उत्तर बरोबर आहे. पण हे नाव आलं कुठून, असं विचारलंत तर बहुतेकजणी गोंधळतात. एखाद्या औषधाचं नाहीतर यंत्राचं नाव असावं असं वाटतं.

ती एका बाईच्या नावाची आणि आडनावाची सुरुवातीची अक्षरं आहेत. हेन्रिएटा लॅक्स. पाच लेकरांची आई, तंबाखूच्या रानात राबलेली, सहावीतून शाळा सुटलेली. गर्भपिशवीच्या तोंडाच्या कॅन्सरनं ती १९५१ साली गेली, तेव्हा तिचं वय होतं अवघं ३१.

हेन्रिएटाचा जन्म १ ऑगस्ट १९२० चा, अमेरिकेतल्या व्हर्जिनिया राज्यातल्या रोनोकचा. ती चार वर्षांची असताना तिची आई दहाव्या बाळंतपणात गेली. एकट्या बापाला एवढी पोरं सांभाळणं जमेना. त्यानं सगळ्यांना क्लोव्हर या आपल्या गावाकडे नेलं आणि नातेवाइकांमध्ये वाटून टाकलं. हेन्रिएटा आजोबांच्या वाट्याला आली. आजोबांचं घर लाकडी ओंडक्यांचं. एके काळी तिथं गुलामांना ठेवत असत, आणि हे गुलाम म्हणजे याच घराण्याचे पूर्वज. त्या घरात आणखी एक नातू वाढत होता, डेव्हिड. त्याला सगळे डे म्हणत. पहाटे उठून गाईंच्या धारा काढायच्या, कोंबड्या-डुकरांचं बघायचं, मग तंबाखूचं रान. काळ्या मुलांची शाळा वेगळी, आणि तीही लांब. गोऱ्यांच्या शाळेवरूनच चालत जावं लागे.

चौदाव्या वर्षी हेन्रिएटाला पहिला मुलगा झाला. चार वर्षांनी मुलगी झाली, एल्सी. तिचं आणि डेचं लग्न लागलं ते १९४१ मध्ये. त्याच वर्षी दोघं मेरीलँड राज्यात, बाल्टिमोरजवळच्या टर्नर स्टेशन या काळ्या कामगारांच्या वस्तीत आली, कारण युद्धामुळे तिथल्या पोलाद कारखान्यात माणसं हवी होती. तंबाखूपेक्षा ती मजुरी बरी. हेन्रिएटाचं घर म्हणजे गावाकडून नोकरीला येणाऱ्या प्रत्येक नातेवाइकाचा पहिला मुक्काम. ती त्यांना जेवू घालायची, झोपायला जागा करून द्यायची. नटायची हौस दांडगी. हातापायांच्या नखांना लाल नेलपॉलिश कायम लावलेलं. (हे नेलपॉलिश लक्षात ठेवा, पुढं येणार आहे.)

तिच्या जिवाला घोर होता तो एल्सीचा. एल्सी बोलायची नाही, तिला फिट्स यायच्या. धाकटी मुलं झाल्यावर तिला सांभाळणं अशक्य झालं, तेव्हा डॉक्टरांच्या सांगण्यावरून तिला मनोरुग्णांच्या सरकारी इस्पितळात ठेवलं. हेन्रिएटा तिला भेटायला जायची. पुढं आई गेल्यावर कुणी जाईनासं झालं, आणि १९५५ मध्ये पंधरा वर्षांची एल्सी तिथंच गेली.

पोटात गाठ आहे असं हेन्रिएटा आपल्या बहिणींना बरेच दिवस सांगत होती. डॉक्टरकडे मात्र गेली नाही. का, ते तुम्हाआम्हाला वेगळं सांगायला नको. मग पुन्हा दिवस गेले, १९५० मध्ये पाचवं बाळंतपण झालं, आणि त्यानंतर पाळी नसतानाही अंगावरून जायला लागलं. तिनं अंघोळीच्या वेळी स्वतःच चाचपून पाहिलं. गाठ हाताला लागली. २९ जानेवारी १९५१ ला ती जॉन्स हॉपकिन्स इस्पितळात गेली. काळ्या रुग्णांवर उपचार करणारं त्या भागातलं मोठं इस्पितळ तेच, वॉर्ड अर्थातच वेगळे. तुकडा काढून तपासला. कॅन्सर निघाला.

त्या काळचा उपचार म्हणजे रेडियमच्या नळ्या आत बसवायच्या. त्यासाठी तिला बेशुद्ध केलं, आणि नळ्या बसवण्याआधी सर्जननं दोन लहानसे तुकडे काढून घेतले, एक निरोगी भागाचा, एक गाठीचा. उपचारासाठी तिची सही घेतलेली होती. पण हे तुकडे संशोधनाला देतोय, हे तिला कुणी सांगितलं नाही, विचारलंही नाही. तेव्हा तसं विचारायची पद्धत नव्हती, कायदाही नव्हता. हॉपकिन्समध्ये फुकट उपचार घेणाऱ्या कितीतरी बायकांचे तुकडे असेच घेतले जात होते.

ते जात जॉर्ज गाय यांच्या प्रयोगशाळेत. माणसाच्या पेशी शरीराबाहेर, काचेच्या नळीत कायमच्या वाढवायच्या, या एका ध्यासानं गाय नवराबायको अनेक वर्षं झपाटलेले होते. जॉर्जचं नाव झालं, पण प्रयोगशाळेची शिस्त त्याच्या बायकोची, मार्गारेटची. ती ऑपरेशन थिएटरमध्ये काम केलेली नर्स. जंतू कुठून शिरतात ते तिला पक्कं माहीत. भांडी उकळण्यापासून हात धुण्यापर्यंत सगळ्याचे नियम तिनं घालून दिले होते. तरीही पेशी मरतच होत्या. त्यामुळे हा नवा तुकडा आला तेव्हा मेरी क्युबिचेक या तरुण मदतनीस मुलीला फारशी आशा नव्हती. तिनं त्याचे बारीक तुकडे केले, नळ्यांत घातले आणि नेहमीप्रमाणे रुग्णाच्या नाव-आडनावाची पहिली अक्षरं वर लिहिली. हेला.

निरोगी पेशी काही दिवसांत मेल्या. गाठीतल्या मात्र वाढायला लागल्या. चोवीस तासांत दुप्पट. परत चोवीस तासांत दुप्पट. मेरी नळ्या वाढवत गेली, त्या भरत गेल्या.

आता तो शब्द, ज्यासाठी हे सगळं सांगितलं. सेल लाइन. सेल म्हणजे पेशी आणि इथं लाइन म्हणजे वंश. एका पेशीच्या दोन, दोनाच्या चार, अशी पिढ्यान्‌पिढ्या चालत राहिलेली पेशींची वंशावळ. आपल्याकडं वंशाला दिवा हवा म्हणून केवढा आटापिटा! आणि इथं एका बाईच्या गर्भपिशवीच्या तोंडापासून सुरू झालेला, तिच्याच नावानं चालणारा वंश जगभर पसरलाय. असो.

तिला अमर म्हणतात तेव्हा मात्र नीट समजून घ्यायला हवं. अमर म्हणजे न मरणारी असं नाही. हेला पेशीला उकळत्या पाण्यात घाला, खाणं देऊ नका, ती मरेल. शास्त्राच्या भाषेत अमर म्हणजे विभागायचं न थांबणारी. आपल्या शरीरातली साधी पेशी नळीत वाढवली तर ती साधारण पन्नासेक वेळा विभागते आणि थांबते. हे १९६१ मध्ये लेनर्ड हेफ्लिक यांनी दाखवलं. का थांबते? पेशीतल्या गुणसूत्रांच्या टोकांना एक आवरण असतं, बुटाच्या नाडीच्या टोकाला प्लास्टिक असतं ना, तसं. दर विभाजनाला ते थोडं झिजतं. फार झिजलं की पेशी म्हणते, आता पुरे. हेलामध्ये ते टोक पुन्हा पुन्हा बांधून देणारं एक द्रव्य चालू असतं. त्यामुळे पुरे म्हणायची वेळच येत नाही. माणसाच्या पेशीत ४६ गुणसूत्रं, तर हेलात सत्तरच्या वर. म्हणजे ही हेन्रिएटाची पेशी खरी, पण तिच्या निरोगी देहाची नव्हे, तिच्या आजाराची. जे तिला संपवत होतं, तेच टिकलं.

इकडे हेन्रिएटा झपाट्यानं खंगत होती. ऑगस्टमध्ये दुखणं असह्य होऊन ती भरती झाली ती घरी परतलीच नाही. ४ ऑक्टोबर १९५१ ला गेली. शवविच्छेदनाच्या वेळी मेरीला आणखी नमुने घ्यायला पाठवलं होतं. तिला मृत चेहऱ्याकडे बघवेना, म्हणून तिनं नजर खाली वळवली आणि पायांकडे गेली. नखांवरचं लाल नेलपॉलिश टवके उडालेलं. आजारात पुन्हा लावायचं राहून गेलेलं. आपण इतके महिने ज्या नळ्या सांभाळतोय त्या एका जिवंत बाईच्या आहेत, हे मेरीच्या तेव्हा पहिल्यांदा डोक्यात शिरलं, असं तिनं नंतर सांगितलं.

हेन्रिएटाला क्लोव्हरला नेऊन पुरलं. कबरीवर दगड नव्हता.

गाय यांनी पेशी मागेल त्याला फुकट वाटल्या. पोलिओच्या लशीची मोठी चाचणी १९५४ मध्ये व्हायची होती. लस टोचलेल्या मुलांच्या रक्तात संरक्षण तयार झालं की नाही हे तपासायला प्रचंड प्रमाणात पेशी लागणार होत्या. त्यासाठी टस्कीगी या काळ्यांच्या शिक्षणसंस्थेत हेलाचा जणू कारखाना उभा राहिला, काळ्या शास्त्रज्ञांनी चालवलेला. पुढं कंपन्यांनी त्या विकायला सुरुवात केली. किरणोत्सर्गाचा परिणाम, औषधांची विषबाधा, विषाणू, सगळ्याला हेला. आपल्या पुण्यातही विद्यापीठाच्या आवारातल्या राष्ट्रीय पेशी विज्ञान केंद्राच्या पेशीसंग्रहात हेला आहे आणि तिथून ती देशभर संशोधकांना दिली जाते. तिचा जोर एवढा, की दुसऱ्या पेशींच्या भांड्यात एखादी जरी पडली तरी त्यांना मागं सारून तीच माजते. अशा कितीतरी सेल लाइन मुळात हेलाच होत्या, हे १९६६ मध्ये उघड झालं तेव्हा शास्त्रज्ञांची चांगलीच पंचाईत झाली.

१९८४ मध्ये जर्मनीत हॅराल्ड त्सूर हाउझेन यांच्या गटानं एचपीव्ही विषाणूचा अठरा क्रमांकाचा प्रकार शोधला, आणि तो हेलामध्येही सापडला. लैंगिक संबंधातून येणारा हा विषाणू हेन्रिएटाच्या पेशींत घुसून बसला होता आणि वाढ थांबवणारे पेशीतले पहारेकरीच त्यानं निकामी केले होते. गर्भपिशवीच्या तोंडाचा कॅन्सर का होतो, ते कळलं. २००६ मध्ये लस आली, २००८ मध्ये त्सूर हाउझेन यांना नोबेल मिळालं. विषाणू कळल्यावर त्याची तपासणीही करता आली. त्या तपासणीचा एक मोठा अभ्यास आपल्या मराठवाड्यातच झाला, तेव्हाच्या उस्मानाबाद, आताच्या धाराशिव जिल्ह्यात. १९९९ पासून तीस ते एकोणसाठ वर्षांच्या १ लाख ३१ हजारांवर खेड्यातल्या बायका त्यात होत्या. टाटा मेमोरियल आणि बार्शीचं कॅन्सर हॉस्पिटल त्यात सामील होतं. निकाल २००९ मध्ये आला. ज्या गटाला विषाणूची तपासणी एकदाच, आयुष्यात फक्त एकदा मिळाली, त्या गटात या कॅन्सरनं होणारे मृत्यू जवळपास निम्म्यावर आले. ज्यांना तपासणी मिळालीच नाही अशाही हजारो बायका तुलनेसाठी त्यात होत्या, त्यांना काय सांगून घेतलं, यावर पुढं टीकाही झाली. ती गैर नव्हती असं मला वाटतं.

आणि हेन्रिएटाच्या घरी?

घरी वीसेक वर्षं कुणाला काही ठाऊकच नव्हतं. हेला म्हणजे हेलन लेन नावाची कुणी बाई, असं पुस्तकांत छापून येत होतं. १९७३ मध्ये थोरल्या सुनेला एका ओळखीच्या संशोधकाकडून सहज बोलण्यात कळलं, की तुमच्या सासूच्या पेशींवर आम्ही काम करतो. मग इस्पितळातून फोन आला. डेनं आयुष्यात सेल हा शब्द ऐकला होता तो तुरुंगाच्या कोठडीसाठी. त्याला वाटलं, आपल्या बायकोला इतकी वर्षं कुठंतरी जिवंत ठेवलंय. हसू नका. आपल्याकडंही विदर्भ-मराठवाड्यात कुणाला तुमच्या पेशी आमच्याकडे आहेत असं सांगितलं, तर त्याच्या डोळ्यांसमोर आधी कोर्टाची तारीखच येईल. शास्त्रज्ञांना मिसळलेल्या सेल लाइन ओळखण्यासाठी कुटुंबाचं रक्त हवं होतं. कुटुंबाला वाटलं, आईचा कॅन्सर आपल्यात आलाय का ते बघतायत. धाकटी मुलगी डेबोरा तिशीकडे येत होती, आई ज्या वयात गेली त्या वयाकडे. तिनं रक्त दिलं आणि निकालाची वाट बघत राहिली. निकाल कधी येणारच नव्हता.

डेबोराला आई आठवतच नव्हती. ती दोन वर्षांची असतानाच आई गेली. २००१ मध्ये हॉपकिन्समधल्या एका शास्त्रज्ञानं तिला आणि तिच्या भावाला प्रयोगशाळेत बोलावलं. गोठवलेल्या पेशींची कुपी तिच्या हातात दिली. ती इतकी थंड होती की डेबोरानं दोन्ही तळव्यांत धरून चोळली, तिच्यावर फुंकर घातली. मग पडद्यावर पेशी विभागताना बघितल्या. पेशी म्हणजे काय, हे तिला नीट समजावून सांगणारा हा पहिला माणूस.

रिबेका स्क्लूट यांचं हेन्रिएटावरचं पुस्तक २०१० मध्ये आलं. डेबोरा त्याच्या आदल्या वर्षी गेली. त्याच २०१० मध्ये एका डॉक्टरांनी दिलेला दगड क्लोव्हरला बसवला गेला. २०१३ मध्ये हेलाची संपूर्ण जनुकीय माहिती कुणालाही न विचारता प्रसिद्ध झाली, तेव्हा घरच्यांनी आवाज उठवला आणि ती माहिती कुणाला द्यायची हे ठरवणाऱ्या समितीत कुटुंबातल्या दोघांना जागा मिळाली. २०२१ मध्ये वारसांनी थर्मो फिशर या कंपनीवर दावा लावला, हेलाच्या विक्रीतून झालेल्या फायद्यासाठी. तडजोड झाली. रक्कम जाहीर केलेली नाही. ती तडजोड जाहीर झाली त्या दिवशी तारीख होती १ ऑगस्ट २०२३, हेन्रिएटाचा एकशे तिसरा वाढदिवस.