आळशी वायूंचा शोधक : सर विल्यम रॅम्झी

१८ ऑगस्ट १८६८ रोजी खग्रास सूर्यग्रहणाची छाया दख्खनवरून सरकत गेली. त्या वेळी पटवर्धनांच्या जमखंडी संस्थानात लेफ्टनंट जॉन हर्शेल आणि गुंटूर येथे फ्रेंच ज्योतिर्विद पिएर जान्सेन आपापले वर्णपटदर्शक रोखून बसले होते. सूर्यबिंबाच्या कडेवर उसळणाऱ्या ज्वालांच्या वर्णपटात एक तेजस्वी पिवळसर-नारिंगी रेघ दिसली. ती सोडियमची असावी, असा समज प्रथम झाला. त्याच वर्षी ऑक्टोबरात इंग्लंडमध्ये नॉर्मन लॉकियर यांनी ग्रहणाची वाट न पाहता ती रेघ पुन्हा तपासली, तेव्हा ती सोडियमच्या जागी नेमकी बसत नसल्याचे आढळले. पृथ्वीला अपरिचित असे एखादे मूलद्रव्य सूर्यावर असावे, असा तर्क निघाला आणि त्याला हेलियम हे नाव मिळाले. लॉकियर यांनी हा शोध विजयदुर्ग किल्ल्यावरून लावला, अशी समजूत कोकणात रूढ आहे. परंतु ते विजयदुर्गास आले ते २२ जानेवारी १८९८ च्या ग्रहणासाठी, मूळ निरीक्षणानंतर तीस वर्षांनी. तोवर हेलियम सूर्यावरून प्रयोगशाळेतील काचेच्या नळीत उतरला होता. ती नळी होती लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजातील प्राध्यापक विल्यम रॅम्झी यांची.

रॅम्झी यांचा जन्म २ ऑक्टोबर १८५२ रोजी स्कॉटलंडमधील ग्लासगो येथे झाला. वडील अभियंता, चुलते अँड्र्यू रॅम्झी नामांकित भूवैज्ञानिक. फुटबॉल खेळताना पाय मोडून अंथरुणाला खिळलेल्या या मुलाने शोभेची दारू कशी करावी हे कळावे म्हणून रसायनशास्त्राचा ग्रंथ मागवून वाचला, अशी हकिकत सांगितली जाते. १८७२ साली जर्मनीतील ट्युबिंगेन येथे त्यांनी डॉक्टरेट मिळवली. पुढे ब्रिस्टलला प्राध्यापक व प्राचार्य आणि १८८७ पासून लंडन, असा त्यांचा प्रवास झाला. काच फुंकून उपकरणे घडवण्यात त्यांचा हात विलक्षण बसलेला होता. पुढच्या साऱ्या शोधांत या कारागिरीचा वाटा बुद्धीइतकाच मोठा आहे.

निमित्त घडले लॉर्ड रॅले यांच्या तराजूमुळे. हवेतून मिळवलेला नायट्रोजन हा अमोनियासारख्या संयुगांपासून मिळवलेल्या नायट्रोजनपेक्षा दरवेळी किंचित जड भरत होता. फरक सुमारे दोनशे भागांत एक भाग. दुसऱ्या कोणी तो हाताची चूक म्हणून सोडून दिला असता. रॅले यांनी १८९२ साली जाहीरपणे त्याचे स्पष्टीकरण मागितले. रॅम्झी यांनी हवेतील नायट्रोजन तापलेल्या मॅग्नेशियमवरून पुन्हा पुन्हा नेला. मॅग्नेशियम नायट्रोजन गिळत गेले आणि उरलेला वायू अधिकाधिक जड होत गेला. हायड्रोजनच्या मानाने १४ असलेली घनता २० च्या आसपास जाऊन थांबली. त्या उरलेल्या वायूच्या वर्णपटातील रेघा कोणत्याही ज्ञात मूलद्रव्याच्या नव्हत्या. वस्तुतः हेन्री कॅव्हेंडिश यांनी १७८५ सालीच हा न विरघळणारा हट्टी बुडबुडा पाहून त्याची नोंद ठेवली होती. शंभर वर्षांहून अधिक काळ त्या नोंदीकडे कोणी वळून पाहिले नाही.

ऑगस्ट १८९४ मध्ये ऑक्सफर्ड येथील ब्रिटिश असोसिएशनच्या सभेत रॅले व रॅम्झी यांनी नव्या वायूची वार्ता दिली. तो कशाशीच संयोग पावत नाही, म्हणून ग्रीक भाषेतील ‘आळशी’ या अर्थाच्या शब्दावरून त्याचे नाव आर्गॉन ठेवले गेले. हवेत त्याचे प्रमाण जवळजवळ एक टक्का आहे. मनुष्य प्रत्येक श्वासागणिक तो आत घेत आला आणि त्याला पत्ताही नव्हता. रसायनशास्त्रज्ञांना मात्र हे पचेना. अणुभार ४० धरावा तर आवर्त सारणीत त्याला जागाच नव्हती. खुद्द मेंडेलीव्ह यांना तो नायट्रोजनचेच तीन अणूंचे रूप असावा, असे वाटले. फ्ल्युओरीन हा हॅलोजनांतील सर्वांत आक्रमक वायू. तो प्रथम वेगळा करणारे आंरी म्वासाँ यांना रॅम्झी यांनी आर्गॉनचा नमुना धाडला. फ्ल्युओरीनपुढेही आर्गॉन जागचा हलला नाही.

१८९५ च्या आरंभी क्लीव्हाइट या युरेनियमयुक्त खनिजातून एक निष्क्रिय वायू निघतो, असे रॅम्झी यांच्या कानी आले. त्यात आर्गॉन मिळेल या आशेने त्यांनी ते खनिज आम्लात उकळले. नळीत दिसली ती जमखंडी-गुंटूरची पिवळी रेघ. विल्यम क्रुक्स यांनी मोजमाप करून तो हेलियमच असल्याचा निर्वाळा दिला.

दोन सभासद सापडले म्हणजे कुटुंब असणारच, हे रॅम्झी यांनी ओळखले. हॅलोजन आणि सोडियम-पोटॅशियमसारखे धातू यांच्यामध्ये एक संपूर्ण नवा स्तंभ घालून रिकाम्या जागा त्यांनी हेरल्या. तरुण सहकारी मॉरिस ट्रॅव्हर्स यांच्यासह द्रवरूप हवा हळूहळू उकळवत १८९८ च्या मे ते जुलै या अवघ्या तीन महिन्यांत त्यांनी क्रिप्टॉन, निऑन आणि झेनॉन असे तीन वायू वेगळे केले. निऑनच्या नळीतून फुटलेला लालभडक उजेड पुढे जगभरच्या बाजारपेठांत पाट्यांवर झळकला.

१९०० च्या अखेरीस जमशेटजी टाटा यांच्या नियोजित विज्ञानसंस्थेबाबत सल्ला देण्यासाठी रॅम्झी हिंदुस्थानात आले. अनेक शहरे पाहून त्यांनी बंगळूरची शिफारस केली. सरकारी दिरंगाईत वर्षे गेली आणि १९०४ साली जमशेटजी निवर्तले. मात्र संस्था १९०९ साली बंगळुरातच स्थापन झाली आणि तिचे पहिले संचालक होते ट्रॅव्हर्स.

१९०४ साली रॅम्झी यांना रसायनशास्त्राचे व रॅले यांना भौतिकशास्त्राचे नोबेल मिळाले. त्यानंतरची वर्षे तितकी उजळ नाहीत. रेडियमपासून हेलियम उपजतो हे त्यांनी सॉडी यांच्यासह १९०३ साली दाखवले होते आणि १९१० साली रेडॉनच्या एका घन मिलिमीटरहूनही कमी आकारमानाचे वजन करून दाखवले, हे खरे. पण तांब्यापासून लिथियम निर्माण झाल्याचा त्यांचा दावा इतरांच्या कसोटीस उतरला नाही. महायुद्ध पेटल्यावर ज्या जर्मनीने त्यांना घडवले, तिच्या विज्ञानावरच त्यांनी कडवट लेखन केले. इतक्या काटेकोर तराजूच्या माणसाकडून ही अपेक्षा नव्हती.

२३ जुलै १९१६ रोजी कर्करोगाने त्यांचे निधन झाले. त्याच वर्षी कोसेल आणि लुईस यांनी या वायूंच्या आळसाचे कारण मांडले : बाह्य कक्षेतील इलेक्ट्रॉन पुरे भरलेले असल्याने त्यांना काही घ्यावयाचे नाही वा द्यावयाचे नाही, उलट हॅलोजनांना एकाच इलेक्ट्रॉनची उणीव असल्याने ते सदा भुकेले. म्वासाँ यांच्या प्रयोगशाळेत जे साधले नाही ते १९६२ साली कॅनडात नील बार्टलेट यांना साधले. प्लॅटिनम हेक्झाफ्ल्युओराइडची लाल वाफ झेनॉनशी भिडताच पिवळट घन पदार्थ तयार झाला. झेनॉनला जागे करणाऱ्या त्या संयुगातही फ्ल्युओरीनच होता.